जिजींच्या टेबलावरचे वाटाणे

माझं अक्षर चांगलं नाही. शाळेत चौथीपर्यंत गेले, त्यालाही फार वर्षं झाली. ऱ्हस्व कुठे आणि दीर्घ कुठे हे मला तेव्हाही नीट कळलं नव्हतं, आणि इकडे देवासला येऊन दुकानांच्या पाट्या हिंदीत वाचत राहिल्यामुळे होतं तेही बिघडलं. हे कागद कोणाच्या हाती पडलेच तर त्यांनी चुका पोटात घालाव्यात. कोणाला दाखवायचं म्हणून मी लिहीत नाही.

मागच्या महिन्यात धारला जिजींची शोकसभा झाली. मी गेले होते, मागे भिंतीपाशी बसले होते. वकील बोलले, एक म्हातारे जजसाहेब बोलले, एका संस्थेच्या बाई कागदावरून वाचून बोलल्या. जिजी किती हुशार होत्या, किती कायदा जाणत होत्या, हे सगळ्यांनी सांगितलं. मग त्यांची भाची माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाली, काकू, तुम्ही दोन शब्द बोलता का? मी मान हलवून नाही म्हटलं. इंदूरला बस बदलून देवासच्या गाडीत बसले तेव्हा लक्षात आलं की वाटाण्यांबद्दल कोणीच बोललं नाही. एवढी माणसं बोलली आणि वाटाणे राहूनच गेले. म्हणून मी हे लिहायला बसले.

त्यांचं नाव शरयू देवधर. पण त्या नावाने त्यांना हाक मारताना मी कोणाला ऐकलं नाही. माळव्यात मोठ्या बहिणीला जीजी म्हणतात. खेड्यातून आलेल्या बायका त्यांना जीजी म्हणत, वकील जीजी म्हणत, आणि आम्ही मराठी माणसंही जिजीच म्हणू लागलो. घराणं धार संस्थानच्या वेळचं, आजोबा दरबारच्या नोकरीत होते. त्यामुळे त्यांची मराठी जुनी होती. "अगो, मजकडे बघ," असं म्हणायच्या. आम्ही कारखान्यासाठी इकडे आलेली माणसं, आम्हाला ती मराठी कधी कधी पोथीतल्यासारखी वाटायची. पण त्याच तोंडाने त्या सरदारपुरच्या बाईशी माळवी बोलीत बोलायच्या आणि शिपायाला "भिया, खिडकी खोल दो" म्हणायच्या, आणि त्यांचं त्यांना कळायचंही नाही की भाषा बदलली.

त्या वकील होत्या, पण भांडायचं काम त्यांनी मी भेटण्याच्या बऱ्याच आधी सोडलं होतं. नवरा-बायकोची जी प्रकरणं जजसाहेब आधी समझोत्याला पाठवतात, त्यांच्यासाठी कोर्टात एक खोली होती. तिथे त्या बसत. त्या प्रकरणांना त्या केस म्हणत नसत, घर म्हणत. "आज तीन घरं आहेत माझ्याकडे," असं म्हणायच्या. उंच, वाळक्या, सुती साडी, खांद्याला पिन. खोलीत एकच गादीची खुर्ची होती. ती त्या स्वतः घेत नसत, आलेल्यांत जो सगळ्यात रागात असेल त्याला देत. रागावलेल्या माणसाची पाठ दुखते, असं त्यांचं म्हणणं होतं. कोणी आवाज चढवला की त्या आपला आवाज आणखी खाली आणत. इतका खाली, की समोरच्याला ऐकण्यासाठी गप्प बसावंच लागे.

मी तिथे गेले ती माझ्या यजमानांनी घातलेल्या घटस्फोटाच्या अर्जामुळे. आमचं गाव रावेरकडचं. लग्न होऊन मी देवासला आले, ते इथे कारखान्यात होते. मूल झालं नाही. दवाखाने झाले, देव झाले, मग आम्ही दोघांनी त्या विषयावर बोलणं सोडलं. आमच्या गल्लीत महाराष्ट्रातून आलेली बिनलग्नाची पोरं खोल्या घेऊन राहत. त्यांना घरच्यासारखं जेवण हवं असायचं, म्हणून मी डबे करू लागले. आधी तीन-चार होते, मग वाढत गेले. पोरं यजमानांच्याच कारखान्यातली, म्हणून पगाराच्या दिवशी डब्यांचे पैसे तेच गोळा करायचे. मला त्यात वावगं वाटलं नाही. पुढे त्यांना पीथमपूरला नोकरी लागली. तिथे एक खोली आणि तिच्यामागची थोडी जागा विकत घेतली, त्यांच्या नावावर. डबे मी इकडे चालूच ठेवले, पैसे तिकडे जात राहिले. शेवटी मीही तिकडे राहायला गेले, आणि गेल्यावर कळलं की तिथे दुसरी बाई आहे. काही महिने राहिले आणि देवासला परत येऊन पुन्हा डबे सुरू केले. आम्ही शेवटचे एकत्र राहिलो ते तिकडे, धार जिल्ह्यात, म्हणून अर्ज धारच्या कोर्टात लागला.

मला परत नांदायला जायचं नव्हतं. मला एकच गोष्ट हवी होती. डब्यांचे पैसे माझे होते हे त्यांनी कबूल करावं, आणि ते परत करावेत. पण हे कोणाला सांगायचं आणि कसं? चार माणसांत माझा आवाज बसतो, लहानपणापासून तसंच आहे. सरकारी मदतीतून मला एक वकीलबाई मिळाल्या होत्या. भल्या होत्या, पण घाईत असायच्या. त्यांनाही मी ते नीट सांगू शकले नाही. त्यांनी कागदावर पोटगी मागितली.

पहिल्या दिवशी त्या खोलीत शिरले तर टेबलावर वर्तमानपत्र पसरलेलं आणि त्यावर हिरव्या वाटाण्याच्या शेंगांचा ढीग. थंडीचे दिवस होते. मला वाटलं मी चुकीच्या खोलीत आले. जिजी म्हणाल्या, "ये, बैस. सोलता सोलता बोलू." मी दाणे काढू लागले. त्याही सोलत राहिल्या. मग खाली बघतच विचारलं, नवरा घरी आल्याची चाहूल लागली की तू काय करतेस?

असा प्रश्न मला कोणी विचारेल असं वाटलं नव्हतं. मी म्हटलं, तवा ठेवते.

"हात थरथरतात का?"

मी म्हटलं, नाही. कधीच नाही.

"मग त्याच्यासमोर बसता येईल तुला," त्या म्हणाल्या, आणि पुढची तारीख दिली. एवढंच. त्या प्रश्नामागे काय होतं ते मला पुष्कळ दिवसांनी कळलं, ते पुढे सांगते.

शेंगा त्या रोज घरून पिशवीतून आणत. थंडीत वाटाणे, नाहीतर हिरवे हरभरे. पावसाळ्यात मक्याची कणसं, दाणे काढायला. उन्हाळ्यात चिंच, चिंचोके वेगळे करायला. एकदा मांडूहून कोणीतरी तिथल्या गोरखचिंचेची मोठाली फळं आणून दिली होती, तर ती फोडायला शिपायाला वरवंटा शोधावा लागला आणि शेजारच्या कोर्टातून निरोप आला की आवाज कसला होतोय. वकील चेष्टा करत. व्हरांड्यात एक तरुण वकील रोज विचारायचा, "क्यों जीजी, आज कौनसी सब्जी है?" आणि दुसरा म्हणायचा, "भिया, इधर तलाक बाद में होता है, पहले मटर छिलते हैं." जिजी त्यांनाही हाक मारून मूठभर शेंगा देत. कोट घातलेली माणसं उभ्या उभ्या सोलत.

मी एकदा धीर करून विचारलं होतं, हे कशासाठी? तर म्हणाल्या, हात रिकामा असला की माणूस बोट दाखवतो.

बैठक संपली की त्या दाण्यांचे दोन सारखे वाटे करत, कागदाच्या पुड्या बांधत, एक नवऱ्याला आणि एक बायकोला. नको म्हटलेलं चालत नसे. मी देवासला जाताना बसमध्ये ती पुडी मांडीवर घेऊन बसायचे. घरी त्याची उसळ करायचे आणि डब्यात घालायचे.

व्हरांड्यातल्या बाकावर बसून मी पुष्कळ घरं बघितली. आत काय बोललं गेलं ते जिजींनी कधी बाहेर काढलं नाही. मला जे माहीत आहे ते त्या त्या माणसांनीच बाकावर येऊन सांगितलेलं. सरदारपुरकडचं एक जोडपं होतं, रुक्मा आणि तिचा नवरा. दोघं शेती करणारी, दोघं कडक. त्यांचं कूलरवरून, म्हशीवरून, सासूच्या औषधांवरून, सगळ्यावरून वाजलेलं. एक दिवस आतून एकाएकी हसण्याचा आवाज आला. दोघंही हसत होती. रुक्मा बाहेर येऊन पदराने डोळे पुसत मला सांगू लागली. जिजीने दाण्यांचे वाटे केले तर नवरा म्हणाला, हिचा वाटा मोठा आहे, हिने कमी सोलले. ती म्हणाली, मी कमी सोलले कारण तू कोवळे कोवळे खाऊन टाकलेस. जिजीने दोन्ही पुड्या उघडल्या आणि दाणे मोजायला लागली, एक-एक, अगदी गंभीर तोंडाने. पन्नासाच्या पुढे गेल्यावर नवऱ्यालाच हसू फुटलं.

मला वाटलं आता हे मिटलं, ही दोघं घरी जाणार. मी जिजींना तसं म्हटलंही. त्यांनी डोळ्यांवरचा चष्मा काढला. म्हणाल्या, "अगो, हसली म्हणजे नांदतील असं नव्हे. पण आता म्हशीचं ठरेल." तसंच झालं. रुक्माचा घटस्फोट झाला. म्हैस तिला मिळाली, कूलर त्याला. जाताना नवऱ्याने म्हशीला गाडीत चढवायला मदत केली, असं रुक्माने मला सांगितलं.

त्यांचा एक नियम माझ्या मनाला फार लागला होता. प्रकरण चालू असेपर्यंत त्या दोन्हीकडच्या कोणाच्या हातचं पाणीसुद्धा पीत नसत. इंदूरचं एक मोठं घर आलं होतं, त्या बाईच्या वडिलांनी मिठाईचा डबा टेबलावर ठेवला. जिजींनी शिपायाकरवी त्यातला अर्धा नवऱ्याकडच्या लोकांना वाटून टाकला. म्हातारा पुन्हा काही आणायच्या फंदात पडला नाही. हे मी ऐकून हसले होते. पण एका दुपारी उन्हाळ्यात मी धारच्या बसस्टँडवर उभी होते. गाडी चुकली होती, डोकं गरगरत होतं. जिजींची रिक्षा समोरून आली, थांबली. त्यांनी मला बघितलं, मी त्यांना बघितलं. मला वाटलं हाक मारतील. त्यांनी रिक्षावाल्याला काहीतरी सांगितलं आणि रिक्षा निघून गेली. मला खूप वाईट वाटलं. एवढी वर्षं देवासात राहून माझं कोणी झालं नाही, आणि ही बाईही माझी नाही, असं वाटलं. थोड्या वेळाने तोच रिक्षावाला परत आला आणि म्हणाला, इंदूरची बस बाहेरच्या चौकात उभी आहे, बसा, सोडतो. पैसे घेईना. कोणी दिले हेही सांगेना.

आता आमच्या बैठकीचं सांगते.

माझे यजमान आले ते त्यांच्या मोठ्या भावाला घेऊन. जेठजी बोलणारे, कारखान्याच्या युनियनमध्ये होते. खुर्चीत बसायच्या आधीच सुरू झाले, की ही बाई बोलत नाही, हिला काय हवं ते हिलाच माहीत नाही, आमचा भाऊ दिलदार आहे, काहीतरी एकरकमी देऊन टाकेल, विषय संपवा. जिजींनी त्यांना गादीची खुर्ची दिली, पुढ्यात शेंगा ठेवल्या आणि म्हणाल्या, भाऊसाहेब, तुम्ही एवढ्या सोला, तोवर मी यांच्याशी बोलते. जेठजी सोलू लागले. मला आत हसू येत होतं पण मी मान वर केली नाही.

त्यांची एक पद्धत होती. नवऱ्याचं म्हणणं त्या बायकोला सांगायला लावत आणि बायकोचं नवऱ्याला. माझ्या बाबतीत मात्र वेगळं केलं, कारण मला सांगायला लावून उपयोग नव्हता. त्या यजमानांकडे वळल्या. म्हणाल्या, "सुरेशराव, देवासला असताना हिचा दिवस कसा जायचा, तेवढं मला सांगा. हिला विचारलं तर ही सांगणार नाही."

ते म्हणाले, त्यात काय सांगायचं? उठते, स्वयंपाक करते.

"किती वाजता उठते?"

पहाटेच, ते म्हणाले. कणीक भिजवायला लागते. डबे आठच्या पाळीला जायचे असतात.

"मग डाळ-तांदूळ कोण आणतं?"

तीच आणते. मंडईतून. सायकलवर नाही, डोक्यावर. मी कितीदा म्हटलं रिक्षा कर, तर म्हणते रिक्षात नफा जातो.

असं एकेक ते सांगत गेले. जिजी मधे मधे छोटंसं काही विचारत आणि सोलत. तापात मी डबे केले होते ते त्यांनी सांगितलं. माझी आई गेली तेव्हा तेराव्याला न थांबता मी परत आले, कारण पोरांचं जेवण अडलं होतं, तेही सांगितलं. मला माहीतच नव्हतं की हे त्यांच्या लक्षात आहे. मी खाली बघून दाणे काढत होते आणि ते दाणे मला दिसत नव्हते.

मग जिजींनी विचारलं, "आणि पैसे?"

ते म्हणाले, पैसे मी गोळा करायचो. पगाराच्या दिवशी.

"ते कुठे गेले?"

 जेठजींचा हात थांबला. यजमान बोलले ते हळू बोलले. खोली घेतली ना पीथमपूरला, म्हणाले.

 दुसरा कोणी असता तर म्हणाला असता, बघा, आता तुमच्या तोंडून निघालं. जिजींनी फक्त एवढंच केलं की यजमानांच्या पुढ्यातल्या शेंगा संपल्या होत्या, तर स्वतःच्या ढिगातल्या थोड्या त्यांच्याकडे सरकवल्या.

रक्कम त्या दिवशीच ठरली. किती ते इथे लिहीत नाही. एकदम देणं त्यांना शक्य नव्हतं, म्हणून हप्ते ठरले. जेठजी म्हणाले, चला, पोटगी ठरली, लिहून घ्या. आणि तेव्हा मी बोलले. माझ्या त्या सगळ्या तारखांत मी सगळ्यांसमोर मोठ्याने बोललेलं ते एकच वाक्य.

"पोटगी नको. माझे आहेत, ते परत द्या."

जेठजी म्हणाले, अहो लताबाई, रक्कम तीच आहे, नाव काहीही द्या, तुम्हाला काय फरक पडतो?  यजमानांना मात्र फरक कळला होता. पोटगी म्हटलं तर ते देणारे होते. परत म्हटलं तर पैसे त्यांनी घेतलेले ठरत होते. ते म्हणाले, असं मी लिहून देणार नाही. माझ्या वकीलबाईंनी मला बाजूला घेऊन सांगितलं, अडून बसू नकोस, मिळतंय ते जाईल. मलाही भीती वाटली. पण मी मान हलवली.

जिजींनी कोणालाच समजावलं नाही. मला एकटीला बोलावून एवढंच विचारलं, या शब्दामुळे सगळं मोडलं आणि पुन्हा कोर्टात वर्षं गेली तर चालेल का? नीट विचार करून सांग. मी म्हटलं, चालेल. मग यजमानांना एकट्याला बोलावलं. आत काय बोलणं झालं ते मला आजपर्यंत माहीत नाही. त्या दिवशी काही ठरलं नाही. दोन पुड्या झाल्या, आम्ही आपापल्या रस्त्याने गेलो.

पुढच्या तारखेला यजमान एकटेच आले. जेठजी नव्हते. खुर्चीवर बसले, शेंगा ओढून घेतल्या, बराच वेळ सोलत राहिले. मग जिजींकडे न बघता, माझ्याकडेही न बघता म्हणाले, "लिहा. डब्यांचे पैसे परत, असं लिहा."

जिजींनी तसंच लिहिलं. मला वाचून दाखवलं, मग त्यांना. माझं बँकेत खातं नव्हतं, ते देवासला उघडायला सांगितलं, आणि हेही लिहिलं की पैसे त्याच खात्यात येतील. मधे कोणी हात घालायचा नाही, मीसुद्धा नाही, असं म्हणाल्या.

कोर्टाने थांबायला सांगितलेले महिने गेल्यावर घटस्फोटाचा निकाल लागला. मी व्हरांड्यात उभी होते. पुढे काय करायचं ते कळत नव्हतं. इतके दिवस एक तारीख संपली की दुसरी असायची, आता कुठलीच नव्हती. जिजी बाहेर आल्या, माझा हात धरला आणि म्हणाल्या, "आता तू माझ्याकडचं घर नाहीस. चल जेवायला." आणि रिक्षात बसल्यावर म्हणाल्या, त्या दिवशी स्टँडवर तुला उन्हात टाकून गेले, मला रात्री जेवण गेलं नाही. मी म्हटलं, रिक्षावाल्याला पैसे तुम्हीच दिले ना? त्या बाहेर बघू लागल्या.

त्यांचं घर म्हणजे दोन खोल्या आणि मागे थोडं अंगण. त्या लग्न न करता राहिल्या होत्या. विधवा भावजय सोबत राहायची. वरण-भात, भाजी, पोळी, आणि मला आवडतो असं ऐकून मिरचीचा ठेचा. जेवणं झाल्यावर मी निघाले तेव्हा त्या म्हणाल्या, थांब, आणि भावजयीला तांदूळ-नारळ आणायला सांगितलं. माझी ओटी भरायची होती. भावजय नारळ हातात घेऊन दारात थांबली. वाईट बाई नव्हती ती, पण थांबली. तिच्या मनात काय आलं ते मलाही कळलं, कारण माझ्याही मनात तेच आलं. मी गळ्यातलं त्या सकाळीच काढून पर्समध्ये ठेवलं होतं. मी म्हटलं, जिजी, राहू द्या.

जिजी भावजयीकडे बघून म्हणाल्या, "वहिनी, ओटी बाईची भरतात. नवऱ्याची नव्हे."

भावजयीने पुढे येऊन स्वतःच्या हाताने माझ्या पदरात नारळ घातला. कुंकू जिजींनी लावलं. मी वाकून नमस्कार केला आणि पटकन वळले, कारण मला तिथे रडायचं नव्हतं.

त्यानंतर मी वर्षातून दोन-तीनदा जायचे. कधी डब्याचा मसाला घेऊन, कधी नुसतीच. अशाच एका भेटीत त्यांनी मला ती गोष्ट सांगितली, नाव-गाव न सांगता. सुरुवातीच्या काळात त्यांनी एक मुलगी समजावून सासरी परत पाठवली होती. दोन्हीकडचे लोक खूश झाले, पेढे वाटले. मुलगी काही बोलली नव्हती. गप्प आहे म्हणजे तयार आहे, असं जिजींना वाटलं. काही दिवसांनी ती दवाखान्यात होती. जगली, पण एका कानाने ऐकू येईना. जिजी तिला बघायला गेल्या तर तिने तोंड फिरवलं नाही, उलट म्हणाली, जीजी, तुम्ही विचारलंच नाही. "मी विचारलं नाही, लता," असं त्या मला म्हणाल्या. तवा ठेवते म्हटल्यावर हात थरथरतात का, हा प्रश्न तिथून आला होता. मीही गप्प बसणारीच होते. माझ्या आधी ती मुलगी होऊन गेली म्हणून माझं गप्प बसणं त्यांना वाचता आलं, असं मला वाटतं. त्या मुलीचे उपकार मी कसे फेडणार?

हप्ते सुरुवातीला वेळेवर आले. मग पीथमपूरचा तो कारखाना बंद पडला आणि हप्तेही बंद पडले. माझा भाऊ फोनवर म्हणाला, कोर्टात जा, खोली जप्त करव. मी जिजींना विचारलं. त्या म्हणाल्या, तो तुझा हक्क आहे, जायचं असेल तर मी कागद बघून देते. मग थोडं थांबून म्हणाल्या, जायच्या आधी फक्त खात्री करून घे, तो देत नाही की त्याच्याकडे नाही. मी जेठजींना फोन केला. कळलं की यजमान एका गोदामात रात्रपाळी करतात. मी थांबले. पुष्कळ महिन्यांनी पुन्हा पैसे येऊ लागले, आधीपेक्षा थोडे थोडे. कधी इतके थोडे की बँकेतल्या बाईला हसू यायचं. मी डबे करत होते, माझं अडत नव्हतं. पण ते येत आहेत याचं मला बरं वाटायचं.

शेवटचा हप्ता आला तेव्हा मोबाईलवरचा मेसेज मी दोनदा वाचला, शेजारच्या पोरीकडून एकदा वाचून घेतला, आणि सकाळचे डबे देऊन तडक धारची वाट धरली. फोनवर सांगायची ही गोष्ट नव्हती. जिजी तेव्हा खूप थकल्या होत्या. कोर्टात जाणं सुटलं होतं, गुडघे धरले होते, काठीशिवाय उठता येत नव्हतं. मागच्या अंगणात खुर्ची टाकून बसल्या होत्या. नुकतेच धुतलेले कपडे दोरीवर होते. मी पायाशी बसून म्हटलं, जिजी, सगळे आले. एक पैसा राहिला नाही.

मला वाटलं होतं त्या डोक्यावर हात ठेवतील. त्यांनी विचारलं, "त्याला सांगितलंस?"

मी म्हटलं, त्यांना कशाला? त्यांनीच तर पाठवले.

"पाठवले म्हणजे पोचले असं त्याला कसं कळावं? इतकी वर्षं फेडीत होता. तोही वाट बघत असेल, कोणीतरी झालं म्हणावं म्हणून."

माझ्याकडे त्यांचा नंबर होता, कधी लावला नव्हता. मी फोन हातात घेऊन बसून राहिले. जिजी काठी टेकून उठल्या. मी उठवायला गेले तर हाताने मला थांबवलं. हळूहळू चालत अंगणाच्या पलीकडच्या टोकाला गेल्या, माझ्याकडे पाठ करून उभ्या राहिल्या आणि दोरीवरचे कपडे काढू लागल्या. कपडे ओले होते. एक काढायच्या, झटकायच्या आणि पुन्हा तिथेच वाळत घालायच्या. मग दुसरा. त्यांना मी शेवटचं बघितलं ते तसं. निघताना पाया पडले असेन, काही बोलले असेन, पण ते आठवत नाही. ती पाठ आणि ते ओले कपडे आठवतात.

मी नंबर लावला. पलीकडून हॅलो आलं. माझा आवाज बसला नाही.

मी म्हटलं, सुरेशराव, मी लता. पैसे पोचले.

 त्यांच्या मागे कुठेतरी मशीन चालत होतं. मग त्यांनी विचारलं, सगळे? हिशेब बघितलास?

हो, मी म्हटलं. सगळे फिटले.

"फिटले," ते म्हणाले.